गेमच्या बिघडलेल्या फाइल्स तपासण्याची सोय: स्टीम, इतर स्टोअर्स आणि कन्सोल यांचे परीक्षण

ऐंशी-शंभर जीबीचा गेम महिनोन् महिने सुरळीत चालतो आणि मग अचानक ठरावीक टप्प्यावर आला की बंद पडू लागतो, लोडिंगची पट्टी एकाच जागी अडकून राहते किंवा आवाज येतो पण दृश्य येत नाही. अशा वेळी बहुतेक जण अख्खा गेम काढून टाकतात आणि पुन्हा डाउनलोडला लावतात. वास्तविक त्या शंभर जीबीपैकी बिघाड काही केबींचाच असू शकतो, आणि तेवढाच भाग हुडकून बदलण्याची सोय आज संगणकावरच्या जवळजवळ प्रत्येक गेम-स्टोअरमध्ये आहे. ही सोय म्हणजे विक्रीनंतरची सेवाच आहे आणि तिची पारख दोन गोष्टींवरून व्हावी असे मला वाटते: बिघडलेला तेवढाच भाग ती बदलते का, आणि काय बिघडले होते हे ती खेळणाऱ्याला सांगते का. पहिल्या कसोटीला संगणकावरची बरीच स्टोअर्स उतरतात. दुसऱ्या कसोटीला मात्र सगळीच कमी पडतात.

स्टीमची पद्धत सर्वांत परिचित आहे आणि तिच्यामागचे तंत्र समजून घेतले की इतरांचेही समजते. लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’ उघडायचे, त्यातल्या ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’ या भागात जायचे आणि ‘व्हेरिफाय इंटेग्रिटी ऑफ गेम फाइल्स’ हे बटण दाबायचे. स्टीमच्या सर्व्हरवर गेमची प्रत्येक फाइल साधारण एक एमबीच्या तुकड्यांत विभागून ठेवलेली असते. प्रत्येक तुकड्याचा शा-१ पद्धतीने काढलेला हॅश, म्हणजे त्यातल्या मजकुरावरून गणिताने काढलेली ओळखखूण, ‘मॅनिफेस्ट’ नावाच्या यादीत नोंदवलेला असतो. हा हॅश १६० बिटांचा असतो, आणि तुकड्यातला एक जरी बिट उलटला तरी हॅश पूर्ण वेगळा येतो. तपासणी सुरू झाली की स्टीम तुमच्या डिस्कवरची फाइल वाचत जाते, मॅनिफेस्टशी ताडून पाहते आणि जुळत नाहीत तेवढेच तुकडे पुन्हा मागवते. त्यामुळे या कामात इंटरनेट फारसे खर्च होत नाही, पण डिस्कवर मात्र बराच ताण येतो. एसएसडीवर जे काम काही मिनिटांत उरकते, त्याला जुन्या फिरत्या हार्ड डिस्कवर बराच वेळ लागतो. टक्केवारी मध्येच रेंगाळली म्हणजे स्टीम अडकली, असे समजून खिडकी बंद करण्याचा मोह टाळलेला बरा.

तपासणी संपल्यावर येणारा संदेश हीच स्टीमची सर्वांत कच्ची बाजू आहे. अमुक इतक्या फाइल्स पडताळणीत उतरल्या नाहीत आणि त्या पुन्हा मिळवल्या जातील, एवढेच तो सांगतो. कोणत्या फाइल्स, ते सांगत नाही. स्टीमच्याच मदत-पानावर म्हटले आहे की एक-दोन फाइल्स पडताळणीत न उतरणे हे बहुतेक गेमच्या बाबतीत स्वाभाविक आहे, कारण त्या स्थानिक सेटिंगच्या फाइल्स असतात. म्हणजे ‘एक फाइल उतरली नाही’ असे वाचल्यावर ती निरुपद्रवी सेटिंगची फाइल आहे की गेम बंद पाडणारी मुख्य फाइल आहे, हे खेळणाऱ्याने ओळखायचे कसे? संदेशाच्या खिडकीत त्या फाइलचे नाव दिले असते तर हा प्रश्नच उरला नसता. इतके चांगले यंत्र उभारूनही त्याचा अहवाल एका आकड्यावर आणून ठेवणे, ही मला खरोखर खटकणारी उणीव वाटते.

मॉड, म्हणजे इतरांनी बनवलेले गेममधले बदल, वापरणाऱ्यांनी आणखी एक गोष्ट जाणून घ्यावी. मॅनिफेस्टमध्ये ज्या फाइल्सची नोंदच नाही, त्यांना स्टीमची तपासणी हात लावत नाही. मॉडने गेमच्या फोल्डरमध्ये नव्या फाइल्स टाकल्या असतील तर त्या तपासणीनंतरही तिथेच राहतात, आणि बिघाड त्यांच्यामुळे असेल तर तोही राहतो. याउलट मॉडने मूळ फाइलच बदललेली असेल तर तपासणी ती फाइल बिघडलेली ठरवते आणि मूळ रूपात आणते, म्हणजे मॉड अर्धवट उखडला जातो. अशा गेममध्ये आधी सर्व मॉड हाताने काढावेत आणि मगच तपासणी करावी. गेमचे सर्व्हर चालवणारे लोक स्टीमसीएमडी या स्टीमच्या लिखित आज्ञांवर चालणाऱ्या साधनात ‘व्हॅलिडेट’ हा शब्द जोडून हीच तपासणी करतात. त्यांनी आपल्या बदललेल्या कॉन्फिगरेशन फाइल्सची प्रत आधी बाजूला काढून ठेवणे आवश्यक आहे, कारण त्या फाइल्स मूळ स्वरूपात परत लिहिल्या जाऊ शकतात.

स्टीम डेक या हातात धरून खेळायच्या उपकरणावर बटण तेच आणि जागाही तीच आहे, मात्र तिथे प्रोटॉनचा, म्हणजे विंडोजचे गेम लिनक्सवर चालवणाऱ्या प्रणालीचा, एक वेगळा थर येतो. विंडोजसाठी बनलेल्या गेमसाठी स्टीम ‘कॉम्पॅटडेटा’ फोल्डरमध्ये एक लहानसे बनावट विंडोज उभे करते, आणि बिघाड कधी गेममध्ये नसून त्या थरात असतो. तो फोल्डर पुसला की पुढच्या वेळी नव्याने तयार होतो, हे खरे आहे. पण क्लाउड सेव्ह नसलेल्या गेमची प्रगतीसुद्धा अनेकदा त्याच फोल्डरमध्ये असते. म्हणून पुसण्याऐवजी त्याचे नाव बदलून ठेवणे हा सुरक्षित मार्ग आहे.

एपिकच्या लाँचरमध्ये लायब्ररीतल्या गेमजवळच्या तीन ठिपक्यांवरून ‘मॅनेज’ आणि तिथून ‘व्हेरिफाय’ असा मार्ग आहे. काम चोख होते, पण अहवाल जवळजवळ नाहीच. ईए अॅपमध्ये तीन ठिपक्यांखाली ‘रिपेअर’ आहे आणि युबिसॉफ्ट कनेक्टमध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘व्हेरिफाय फाइल्स’ आहे. दोन्हींबद्दल वेगळे सांगावे असे काही नाही. बॅटल डॉट नेटचे ‘स्कॅन अँड रिपेअर’ मला अधिक आवडते, कारण ते ‘प्ले’ बटणाशेजारच्या गियरच्या चिन्हाखाली, म्हणजे गेम चालत नाही तेव्हा माणसाची नजर जिथे असते तिथेच ठेवले आहे. बटण कुठे आहे हेच न कळल्यामुळे लोक अख्खा गेम पुन्हा उतरवतात, तेव्हा या साध्या गोष्टीला मोल आहे.

गॉग गॅलेक्सीत सेटिंगच्या चिन्हावरून ‘मॅनेज इन्स्टॉलेशन’ आणि पुढे ‘व्हेरिफाय / रिपेअर’ असा पर्याय आहे. मात्र गॉगचे खरे वैशिष्ट्य या बटणात नाही. तिथे घेतलेल्या गेमचा ऑफलाइन इन्स्टॉलर डीआरएमशिवाय, म्हणजे नक्कल रोखणाऱ्या कुलपाशिवाय, उतरवून घेता येतो आणि वेगळ्या डिस्कवर जपून ठेवता येतो. स्टोअरशी संपर्क नसतानाही चांगली प्रत हाताशी असणे, ही दुरुस्तीची फार भक्कम तरतूद आहे आणि ती इतर मोठ्या स्टोअर्सकडे सर्रास नाही.

विंडोजच्या एक्सबॉक्स अॅपमध्ये गेमच्या तीन ठिपक्यांवरून ‘मॅनेज’ उघडले की ‘फाइल्स’ या भागात ‘व्हेरिफाय अँड रिपेअर’ मिळते. येथे गोंधळ होतो तो विंडोजच्या स्वतःच्या सेटिंगमुळे. तिथे अॅपच्या ‘अॅडव्हान्स्ड ऑप्शन्स’मध्ये ‘रिपेअर’ आणि ‘रिसेट’ ही दोन बटणे एकाखाली एक आहेत आणि दिसायलाही सारखीच आहेत. त्यांपैकी ‘रिपेअर’ अॅपचा डेटा राखते, तर ‘रिसेट’ तो पुसते. क्लाउडवर न गेलेली प्रगती त्या डेटामध्ये असेल तर ती त्याच्यासोबत जाते. एवढा मोठा फरक असलेली दोन बटणे इतक्या जवळ ठेवणे मला गैर वाटते.

कन्सोलकडे वळल्यावर चित्र पालटते. प्लेस्टेशन ५ वर एखादा गेम निवडून त्याच्या फाइल्स तपासण्याचा पर्यायच नाही. सीई-१०८२५५-१ हा एरर कोड आला, किंवा प्लेस्टेशन ४ वर सीई-३४८७८-० आला, तर त्याचा अर्थ एवढाच की गेम किंवा अॅपमध्ये त्रुटी उद्भवली. ती फाइलची आहे की प्रोग्रॅमची, हे त्यातून समजत नाही. यावर नेहमी सांगितला जाणारा उपाय म्हणजे सेफ मोड. कन्सोल बंद करून पॉवरचे बटण दुसरा बीप ऐकू येईपर्यंत, म्हणजे साधारण सात सेकंद, दाबून धरायचे, कंट्रोलर यूएसबी केबलने जोडायचा आणि ‘रिबिल्ड डेटाबेस’ निवडायचे. हा उपाय करून पाहण्यासारखा जरूर आहे आणि त्यात गेम किंवा सेव्ह पुसले जात नाहीत. पण त्याची मर्यादा स्पष्ट सांगितली पाहिजे: तो डिस्कवर काय काय आहे याची सूची नव्याने तयार करतो, प्रत्येक गेमची प्रत्येक फाइल मूळ प्रतीशी ताडून पाहत नाही. ग्रंथालयाची कार्डे नीट लावली म्हणून एखाद्या पुस्तकाचे फाटलेले पान जोडले जात नाही. फाइलच बिघडली असेल तर गेम काढून पुन्हा उतरवणे हाच मार्ग उरतो.

तेव्हा सेव्हबद्दल भीती वाटणे साहजिक आहे. प्लेस्टेशनवर गेम काढला तरी सेव्ह डेटा वेगळा राहतो, त्यामुळे पुन्हा इन्स्टॉल केल्यावर खेळ जिथे होता तिथून पुढे सुरू होतो. मात्र प्लेस्टेशन ५ च्या गेमचे सेव्ह तेवढे वेगळे काढून यूएसबी ड्राइव्हवर घेता येत नाहीत. त्यांची क्लाउड प्रत ठेवायची तर प्लेस्टेशन प्लसचे सदस्यत्व लागते. प्लेस्टेशन ४ च्या गेमचे सेव्ह यूएसबीवर घेता येत होते, हे लक्षात घेतले तर नव्या कन्सोलने खेळणाऱ्याच्या हातातली एक साधी सुरक्षा काढून घेतली, असेच म्हणावे लागते.

एक्सबॉक्स सिरीज कन्सोलवरही गेमगणिक तपासणीचे बटण नाही आणि तिथेही गेम काढून पुन्हा टाकावा लागतो. पण सेव्ह आपोआप क्लाउडवर जात असल्याने ते काम निर्धास्तपणे करता येते. सेव्हच बिघडली असेल तर ‘मॅनेज गेम अँड अॅड-ऑन्स’मधून ‘सेव्ह्ड डेटा’ उघडावा. पुसताना ‘डिलीट फ्रॉम कन्सोल’ आणि ‘डिलीट एव्हरीव्हेअर’ असे दोन पर्याय येतात. पहिल्याने फक्त कन्सोलवरची प्रत जाते आणि पुढच्या वेळी क्लाउडवरची उतरते; दुसऱ्याने दोन्ही जातात आणि प्रगती कायमची संपते. येथे निदान बटणाच्या नावातच परिणाम लिहिलेला आहे, आणि ते वाखाणण्यासारखे आहे.

या कन्सोलांमध्ये निन्टेन्डो स्विच मला सर्वांत विचारपूर्वक बनवलेले वाटते. होम मेनूवर गेम निवडून प्लसचे बटण दाबले की ‘सॉफ्टवेअर ऑप्शन्स’ उघडतात; त्यातल्या ‘मॅनेज सॉफ्टवेअर’मध्ये ‘चेक फॉर करप्ट डेटा’ असा सरळ पर्याय आहे. तपासणीची पट्टी पूर्ण होते, बिघाड असेल तर तसे सांगितले जाते आणि पुन्हा डाउनलोड करायचे का, असे विचारले जाते. शिवाय सेव्ह डेटा मायक्रोएसडी कार्डावर नसून कन्सोलच्या स्वतःच्या मेमरीत असतो. कार्ड खराब झाल्याने गेम बिघडला तरी प्रगती सुरक्षित राहते, आणि गेम पुन्हा उतरवताना मनावर दडपण येत नाही. हीच सोय घरातल्या मोठ्या कन्सोलांवर का असू नये, याचे पटेल असे कारण मला दिसत नाही.

आता त्या प्रसंगाकडे येतो ज्यात तपासणी पुन्हा पुन्हा करूनही बिघाड परततो. दर वेळी तीच मुख्य प्रोग्रॅमची फाइल गायब होत असेल तर संशय अँटीव्हायरसवर घ्यावा. तो ती फाइल क्वारंटाइनमध्ये, म्हणजे संशयित फाइल्सच्या बंदिस्त जागेत, टाकतो, स्टोअर परत आणते आणि तो पुन्हा उचलतो. गेम अधिकृत स्टोअरमधलाच असल्याची खात्री असेल तर त्याचा फोल्डर अपवादांच्या यादीत घातल्यावर हे चक्र थांबते. दर वेळी वेगळ्याच संख्येने फाइल्स नापास होत असतील तर डिस्क किंवा रॅम तपासावी. विंडोजमध्ये ‘सीएचकेडीएसके’ ही आज्ञा डिस्कसाठी आहे आणि रॅमसाठी मेमटेस्ट८६ रात्रभर चालवून ठेवावे. रॅमच सदोष असेल तर नव्याने उतरलेला तुकडाही डिस्कवर लिहिला जाण्याआधीच बिघडू शकतो.

तपासणी पूर्ण निर्दोष येते आणि तरीही गेम बिघडलेल्या फाइल्ससारखाच वागतो, हा प्रकार सर्वांत फसवा आहे. इंटेलच्या १३व्या आणि १४व्या पिढीच्या काही डेस्कटॉप प्रोसेसरांवर असेच घडले. अनरिअल इंजिन या गेम बनवण्याच्या सॉफ्टवेअरवर बनलेले गेम सुरू होताना व्हिडिओ मेमरी अपुरी असल्याचा संदेश देऊन बंद पडत, आणि भरपूर मेमरीचे ग्राफिक्स कार्ड असलेले लोकही ड्रायव्हर बदलत, गेम पुन्हा पुन्हा उतरवत बसले. प्रत्यक्षात डिस्कवरच्या फाइल्स जशाच्या तशा होत्या. त्या उलगडण्याचे, म्हणजे डीकॉम्प्रेशनचे, गणित प्रोसेसर चुकवत होता. इंटेलने २०२४ मध्ये त्याचे कारण वाढीव व्होल्टेजमुळे प्रोसेसरवर होणारा परिणाम असल्याचे सांगितले, ऑगस्टमध्ये ०एक्स१२९ आणि सप्टेंबरमध्ये ०एक्स१२बी हे मायक्रोकोड दिले आणि बाधित प्रोसेसरांची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली. हे मायक्रोकोड, म्हणजे प्रोसेसरच्या अंतर्गत कामाच्या सूचना, मदरबोर्डच्या बायोस (संगणक सुरू करणारी मूळ प्रणाली) अपडेटमधून मिळतात. ते पुढचे नुकसान टाळतात, पण आधीच झालेले नुकसान भरून काढत नाहीत. या पिढीच्या संगणकावर तपासणी निर्दोष येऊनही गेम बंद पडत असेल, तर आधी बायोस अपडेट करावा, आणि त्यानंतरही तसेच होत राहिले तर डाउनलोडचा नाद सोडून वॉरंटीत प्रोसेसर बदलून घ्यावा.