मंत्रवस्तू नियमन अधिनियम : नऊ महिन्यांच्या वापरानंतर

आमचा सहा जणांचा गट दर शनिवारी संध्याकाळी दादरला एका मित्राच्या घरी 'डन्जन्स अँड ड्रॅगन्स' हा कल्पित राज्यात पात्रे बनून, फासे टाकत खेळायचा कथाखेळ खेळतो. गेले नऊ महिने आमच्या खेळातील राज्यात मंत्रवस्तू नियमन अधिनियम लागू आहे. आमचा सूत्रधार, म्हणजे खेळातले जग रचणारा आणि त्याचे नियम चालवणारा मित्र, फोर्टमधील एका वकिलाच्या कचेरीत मसुदे तयार करण्याचे काम करतो, त्यामुळे तेवीस कलमे, दोन अनुसूची आणि तीन नमुना अर्ज हाती पडले तेव्हा कोणालाच आश्चर्य वाटले नाही. माझे पात्र जुन्या मंत्रवस्तूंचा दलाल आहे, म्हणजे या कायद्याचा जाच सर्वांत जास्त मलाच झाला, हे वाचकांनी लक्षात ठेवावे.

कायद्याची गरज होती, यात शंका नाही. खेळाच्या पाचव्या आवृत्तीत एका पात्राला एका वेळी तीनच वस्तूंशी अनुबंध (काही वस्तूंची जादू वापरण्यासाठी त्यांच्याशी जोडावे लागणारे नाते) जोडता येतो. परंतु ज्या वस्तूंना अनुबंध लागत नाही, त्यांच्यावर अशी मर्यादा नाही. परिणामी आमच्या प्रत्येक पात्राच्या पोतडीत डझनभर वस्तू जमल्या होत्या आणि नवी वस्तू सापडली तरी ती उचलून पाहण्याचे कष्ट कोणी घेत नव्हते.

अधिनियमाचा जीव त्याच्या व्याख्येत आहे. 'जिच्यावरील मंत्र तो घालणाऱ्याच्या मृत्यूनंतरही टिकतो अशी कोणतीही जंगम वस्तू' म्हणजे मंत्रवस्तू. यातील 'जंगम' या एका शब्दाने आम्हाला जेवढे खेळवले तेवढे कोणत्याही राक्षसाने खेळवले नसेल. दुसऱ्याच महिन्यात आम्हाला एक दार सापडले, जे उघडले की माणूस थेट दुसऱ्या शहरात पोहोचत असे. दार भिंतीत बसवलेले, म्हणून स्थावर, म्हणून नोंदणीतून मुक्त. आमच्या जादूगाराने ते बिजागऱ्यांसकट उखडून बैलगाडीत घातले आणि चौकीवरच्या शिपायाने गाडी अडवली. उखडलेले दार जंगम झाले की केवळ तात्पुरते विस्थापित झाले, यावर जो तासभर युक्तिवाद झाला, तो आमच्या आजवरच्या खेळातील सर्वोत्तम तास होता असे माझे मत आहे.

सापडलेल्या वस्तूंचे प्रकरण आपल्याकडच्या 1878 च्या निखात निधी अधिनियमावरून बेतलेले आहे. त्या कायद्यानुसार जमिनीत दडलेले दहा रुपयांहून अधिक मोलाचे धन सापडले, तर सापडवणाऱ्याने जिल्हाधिकाऱ्याला लेखी कळवावे लागते. मूळ मालक पुढे आला नाही आणि जागेच्या मालकाशी वेगळा करार झालेला नसेल, तर तीन चतुर्थांश हिस्सा सापडवणाऱ्याला आणि उरलेला जागामालकाला मिळतो. सूत्रधाराने हीच वाटणी जशीच्या तशी घेतली. तेव्हापासून भुयारात शिरण्यापूर्वी 'ही जमीन कोणाची?' असा प्रश्न आम्ही विचारू लागलो. एकदा जमीन एका विधवा शेतकरणीची निघाली आणि तिचा चौथा हिस्सा बुडवावा की नाही, यावरून आमच्या गटातील धर्मयोद्धा माझ्याशी दोन शनिवार बोलला नाही.

अनुबंधाचे कलम मात्र खास मुंबईकराने लिहिलेले आहे. कागदोपत्री मालक एक, वस्तू ज्याच्याशी जुळली आहे तो धारक दुसरा, आणि धारक बदलायचा तर मालकाला त्याचा वाटा पोहोचवायचा. ज्याने दादर-गिरगावच्या चाळीत पागडीची खोली पाहिली आहे, त्याला हे कलम समजावून सांगावे लागत नाही. आमच्यातल्या पुण्याच्या खेळाडूला मात्र समजायला तीन आठवडे लागले.

खोट्या वस्तूंविषयीच्या कलमाचा प्रश्न अधिक नाजूक होता. महाराष्ट्राचा 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा अंगी अद्भुत शक्ती असल्याचे भासवून लोकांना फसवणाऱ्याला शिक्षा करतो, आणि ती किमान सहा महिने ते कमाल सात वर्षे कारावासाची आहे. आमच्या राज्यात शक्ती खरीच असते, त्यामुळे फसवणूक ठरवायची तर आधी प्रत्येक वस्तू तपासावी लागते. सूत्रधाराने त्या कायद्यातील दक्षता अधिकारी हे पद उचलले आणि वस्तू पारखण्याचे काम त्याच्याकडे सोपवले. हा अधिकारी लाच घेत नाही, ही माझ्या पात्राची मोठीच गैरसोय आहे. चोर बाजारात 'पुराना माल' म्हणून नवी पितळी होकायंत्रे विकणाऱ्यांचे कौशल्य मी बारकाईने पाहिले होते. ते इथे काडीचेही उपयोगी पडले नाही.

परवान्याचे दरमहा नूतनीकरण आणि वेशीवरची झडती ही दोन कलमे मात्र पूर्णपणे फसली. डोंबिवलीहून येणारा मित्र लोकलच्या गर्दीतून साडेसातला पोहोचतो, साडेदहाला त्याला परत निघावे लागते. त्या तीन तासांतला पाऊण तास नमुना अर्ज भरण्यात जाऊ लागला, तेव्हा त्याने सरळ फासे पिशवीत भरले. चौथ्या महिन्यात आम्ही ही कलमे रद्द केली. ती मुळात लिहिलीच का, याचे समाधानकारक उत्तर सूत्रधाराने अजून दिलेले नाही. दंडाचे कोष्टकही अवाजवी आहे; नोंद नसलेल्या दिव्याला आणि नोंद नसलेल्या अग्निदंडाला सारखाच दंड ठेवण्यात कसला न्याय आहे, हे मला कळत नाही.

सध्या एकच प्रकरण प्रलंबित आहे. नोंदवहीत माझ्या नावापुढे लिहिलेल्या एका बोलक्या तलवारीने स्वतःच अर्ज केला आहे की आपण वस्तू नसून व्यक्ती आहोत, सबब आपली नोंद रद्द व्हावी. व्याख्येत याला उत्तर नाही. सुनावणी येत्या शनिवारी आहे, आणि त्या तलवारीपोटी मी एका सरदाराकडून दोनशे मोहरांचा बयाणा आधीच घेऊन बसलो आहे.