पी-टू फ्लॅट, अकरा महिन्यांनंतर: झरोका आणि फोडणी

परवा स्वयंपाकघरातल्या जाळीने हवा ओढणं बंद केलं आणि मिरचीच्या ठसक्याने अख्खं घर खोकलं, म्हणून हे लिहितोय.

बर्लिनला लिश्टेनबेर्गमध्ये राहतो. पी-टू म्हणजे काय, ते इथे घर शोधणाऱ्यांना ठाऊक असतंच: पूर्व जर्मनीच्या काळात काँक्रीटचे तयार पॅनेल जोडून उभारलेली घरं, १९६२ ची पहिली नमुना इमारतही याच भागातली. लिफ्ट, हीटिंग झकास. भिंतीत हॅमर ड्रिलशिवाय खिळा जात नाही, त्यामुळे देव्हारा कपाटावरच. ते चालवून घेतलं.

माझं भांडण झरोक्याशी. स्वयंपाकघर घराच्या पोटात, खिडकी नाही. हॉलच्या बाजूला ताटं सरकवायला चौकोनी भोक. कामावरून आलेल्या बाईने आत एकटं पडू नये, असा म्हणे हिशेब. त्यात हिंग धरलेला नव्हता. नुसते पोहे केले तरी सोफ्याला दोन दिवस वास.

साठ युरोंना जुनी चिमणी आणली. घरमालक कंपनी म्हणाली, जाळीमागचा हवेचा शाफ्ट सगळ्या मजल्यांचा एकच, त्याला चिमणी जोडायची नाही. तीन मेल केले, उत्तर तेच. मग झरोकाच प्लायवूडने बुजवायचं ठरवलं आणि ड्रिल मागायला वरच्या आजींकडे गेलो. इमारत नवी होती तेव्हापासून त्या इथे आहेत. म्हणाल्या, ''शाफ्टमधून दोन वास येतात. फिश सॉस खालच्यांचा, हे कळतं. दुसरा तुमचा का?'' खालचं व्हिएतनामी कुटुंब, बर्लिनची भिंत पडायच्या आधी कंत्राटी कामगार म्हणून आलेलं. भाड्याचा विषय मीच काढला. बर्लिनच्याच हेलर्सडॉर्फ भागात पूर्व जर्मनीच्या काळचा एक फ्लॅट (पी-टू नव्हे, नंतरचा नमुना) जसाच्या तसा ठेवलाय: ६१ चौरस मीटर, भाडं १०९ मार्क. हा आकडा वाचल्यापासून दर एक तारखेला जीव जळतो. आजी नुसत्या हसल्या. ''तेव्हा घर मिळायला वर्षं लागायची,'' म्हणाल्या.

ड्रिल आणलं, पण प्लायवूड तसंच राहिलं. त्या संध्याकाळी पोळ्या लाटत होतो. टम्म फुगलेली पोळी तव्यावरून उतरली की पलीकडून लेकीचा हात झरोक्यातून आत यायचा, पोळी घेऊन गायब. सहा पोळ्या अशाच गेल्या. म्हटलं, राहू दे भोक. ड्रिलने देव्हारा लावून टाकला.

जाळीचं म्हणाल तर काल माणूस येऊन गेला. मागचं फिल्टर तेलाने चिकटलं होतं. ते बदलायचं काम भाडेकरूचं, हे अकरा महिन्यांत एकानेही सांगितलं नव्हतं. नवं चार युरोंना मिळालं.

चिमणी तळघरात पडून आहे. कुणाला हवी तर चाळीसला देतो, नेण्याचा खर्च तुमचा.