पत्रे कल्पित, संप खरा

पायल कपाडिया यांचा ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ (2021) माहितीपट म्हणून पाहायला बसावे, तर पहिल्या काही मिनिटांतच ती अपेक्षा बाजूला ठेवावी लागते. मुलेमुली नाचताना दिसतात, पण ती ज्या गाण्यावर नाचत आहेत ते आपल्याला ऐकू येत नाही. पुढे ‘एल’ या विद्यार्थिनीने प्रियकराला लिहिलेली पत्रे एक स्त्री हलक्या आवाजात वाचत राहते. जातीमुळे तुटलेले हे प्रेम कल्पित आहे; मात्र पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधला 2015 सालचा 139 दिवसांचा संप, त्यातल्या घोषणा आणि पोलीस खरे आहेत. या दोहोंमधला सांधा कुठे आहे हे बहुतेक वेळा कळत नाही, आणि चित्रपटाची खरी ताकद मला तिथेच वाटली.

दिल्लीच्या जामिया मिलिया इस्लामिया विद्यापीठाच्या ग्रंथालयात विद्यार्थ्यांना मारणाऱ्या पोलिसांचे सीसीटीव्हीचे चित्रण कोणत्याही निवेदनापेक्षा जास्त हादरवते. मधल्या भागात पत्रांचा सूर एकसुरी होतो, तिथे कात्री चालली असती तर बरे झाले असते.

कान महोत्सवात याला सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा ‘गोल्डन आय’ मिळाला होता. मी प्रथम लॅपटॉपवर पाहिला, तेव्हा कृष्णधवल चित्रांतले दाणे (फिल्मचा खरखरीत पोत, ‘ग्रेन’) व्हिडिओच्या कॉम्प्रेशनमुळे नुसते चौकोनी ठिपके झाले होते. नंतर एका फिल्म सोसायटीच्या पडद्यावर तेच दाणे जिवंत वाटले. शक्य असल्यास अंधाऱ्या सभागृहातच पाहावा.