कॉपर ऑक्सिक्लोराईड ५० टक्के पावडर, सुपारीवर दोन पावसाळे मारून बघितली

गोव्यात सत्तरी तालुक्यात आमचं कुळागर, म्हणजे बागायत आहे, पोफळी (सुपारीची झाडं) जास्त, मधे मधे मिरी नि केळी. कोळेरोग काय असतो ते पोफळीवाल्याला सांगायला नको, आषाढात सकाळी जाऊन बघावं तर खाली हिरव्या सुपारीचा सडा, देठाकडे पाणी मुरल्यासारखा काळपट डाग नि मग त्यावर पांढरी बुरशी. आबा आयुष्यभर बोर्डो मिश्रण मारायचे, १ किलो मोरचूद, १ किलो कळीचा चुना, १०० लिटर पाणी. ते भिजवायला गाळायला आता माणसं मिळत नाहीत म्हणून ही तांब्याची तयार बुरशीनाशक पावडर आणली.

वापरायला खरंच सोपी. लिटरला ३ ग्रॅम, म्हणजे २०० लिटरच्या बॅरलला ६०० ग्रॅम. आधी बालदीत थोड्या पाण्यात कालवून घ्या, थेट बॅरलात ओतली तर गाठी होतात. आणि एक माणूस काठीने ढवळत ठेवाच, तळाला बसते नि नोझल तुंबतो, वर चढलेला माणूस तिथे लटकून राहतो.

पहिल्या वर्षी मिरगाच्या आधी एक नि साधारण ४५ दिवसांनी दुसरी फवारणी झाली, गळ खूपच कमी. दुसऱ्या वर्षी चढणारा आलाच नाही, पाऊस सुरू झाला, सुपारी पडायला लागल्यावर मग मारली, तर लागण झालेले घोस काही वाचले नाहीत. यात औषधाची चूक नाही हो, तांबं वरच्यावर राहून रोग आत शिरू देत नाही, आत शिरलेल्याला ते काही करत नाही. मला हे पीक गेल्यावर कळलं, तुमचं जाऊ नये म्हणून लिहितोय.

आमच्याकडच्या पावसात चिकटून राहायला मात्र बोर्डोच भारी. त्यामुळे यंदा पहिली बोर्डोची नि दुसरी, उघडीप थोडीच मिळते तेव्हा, पावडरची, स्टिकर (औषध चिकटून राहायचं द्रावण) घालून. बोर्डो केलात तर लोखंडी कोयत्याचं पातं बुडवून बघा, लालसर तांबं चढलं तर चुना कमी पडलाय.

बॅरल ओहळात धुऊ नका, तांब्याने मासे मरतात. मास्क नि हातमोजे घालाच. पाकीट घेताना तारीख बघा, मला एका दुकानात मुदत संपत आलेलं, दगडासारखं घट्ट झालेलं मिळालं होतं, ते शेवटपर्यंत पाण्यात नीट मिसळलंच नाही.