रखडलेली चौकशी: ‘रद्द करा’ मागावं की ‘संपवा’?

डीई, म्हणजे विभागीय चौकशी, लागून वर्षं लोटली की वकील साधारण दोन मागण्या समोर ठेवतात. एक, दोषारोपपत्रच रद्द करा. दुसरी, अमुक मुदतीत चौकशी संपवण्याचा आदेश द्या. मी दुसरी निवडली, माझ्या बाजूच्या टेबलावरच्या सहकाऱ्यानं पहिली. खातं कुठलं ते राहू द्या.

कुठं जायचं हा प्रश्न दोन्हींत सारखाच. राज्य शासनाचे कर्मचारी आधी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात. सर्वोच्च न्यायालयाच्या 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालापासून थेट उच्च न्यायालय गाठता येत नाही. महापालिका आणि जिल्हा परिषदवाल्यांना मात्र उच्च न्यायालयात रिट याचिकाच. कोल्हापूरला 2025 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आलं, पण त्यात पुणे जिल्हा नाही, त्यामुळे आपल्या पुणेकरांची मुंबईची डेक्कन क्वीन काही सुटत नाही.

‘रद्द करा’चा मोह समजण्यासारखा आहे. एका आदेशात सुटका. शिवाय सर्वोच्च न्यायालयाचे निकालही हाताशी असतात: बनी सिंग (1990) प्रकरणात बारा वर्षांहून जुन्या घटनांवर काढलेली चौकशी टिकली नाही, महादेवन (2005) प्रकरणात दहा वर्षांच्या उशिरानं आरोप गेले. पण नीट वाचलं तर तिथं मुख्य दुखणं चौकशी सुरू करण्यातल्या उशिराचं होतं. आपल्यापैकी बहुतेकांची चौकशी वेळेत सुरू होते आणि मग नुसती पडून राहते. चमनलाल गोयल (1995) प्रकरणात साडेपाच वर्षांचा उशीर असूनही सर्वोच्च न्यायालयानं चौकशी चालू ठेवली; आरोप किती गंभीर, उशीर कुणामुळे, हे तोलायला सांगितलं.

माझं मत ठरलं ते मात्र एका टिप्पणीमुळे. सहकाऱ्याचा अर्ज दाखल झाला, स्थगिती मिळाली नाही, त्यानं ती फारशी मागितलीही नव्हती. तरी फाइलवर वाक्य चढलं: ‘प्रकरण न्यायप्रविष्ट असल्याने पुढील कार्यवाही तूर्त प्रलंबित ठेवावी.’ खाली सह्यांची रांग. स्थगिती आहे का, हे कुणी बघत नाही. केस नंबर दिसला की हात वर. आधी रोजनाम्यात, म्हणजे चौकशीच्या तारखांच्या नोंदीत, ‘सादरकर्ता अधिकारी (खात्याची बाजू मांडणारा) गैरहजर’ तरी लिहिलं जायचं, नंतर रोजनामाच थांबला. पदोन्नतीचा निर्णय चौकशी संपेपर्यंत मोहोरबंद पाकिटात, निवृत्ती तोंडावर. आणि खात्यानं उत्तरात म्हटलं काय, तर अर्जदारच न्यायालयात गेल्यानं विलंब झाला! उशिराचं खापर त्याच्याच डोक्यावर.

मुदतीच्या आदेशानं हे निमित्त राहत नाही. प्रेमनाथ बाली (2015) निकाल सांगतो की चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फारच अडलं तर वर्षात संपावी. तेवढ्यावर वकिलाचा युक्तिवाद आटोपतो. आदेश पोचल्यावर माझ्या चौकशी अधिकाऱ्याचे फोन सुरू झाले, एरवी तारीखसुद्धा मीच विचारत असे. अर्थात खातं ‘प्रशासकीय कारणास्तव’ मुदतवाढ मागतं आणि ती बऱ्याचदा मिळते. घाईत उरकलेला अहवाल आपल्या विरुद्धही जाऊ शकतो. माझं बरं निभावलं, सगळ्यांचं तसंच होईल असं नाही.

घटना दहा-बारा वर्षांपूर्वीची, खात्याला तेव्हाच माहीत, मूळ नोंदवह्या गहाळ, साक्षीदार निवृत्त, असं असेल तर रद्द करण्याचीच मागणी करा. निवृत्तीनंतर नव्यानं चौकशी काढली असेल आणि घटना चार वर्षांहून जुनी असेल, तर महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियमांतला नियम 27 तुमच्या बाजूनं आहे. तिथंही पर्यायी मागणी म्हणून मुदत लिहून ठेवावी. निलंबनात असाल तर त्याचा मुद्दा वेगळा मांडा. अजयकुमार चौधरी (2015) निकाल त्यासाठी आहे.

मुदतीचा आदेश मिळाला, तर तो खात्यामार्फत पोचेल म्हणून बसू नका. मुदत बहुधा आदेशाची प्रत मिळाल्यापासून मोजतात. प्रमाणित प्रत स्वतः काढा, शिस्तभंगविषयक प्राधिकारी आणि चौकशी अधिकारी दोघांकडे द्या, आणि आपल्या प्रतीवर तारखेसह आवक शिक्का घ्या.