चांदणीच्या बिटांचा संच: साडेचारशे रुपये, तक्रारी दोन

येऊरच्या उतारावर सायकलचा मागचा डिस्क ब्रेक खडखडायला लागला. रोटरचे, म्हणजे ब्रेक जिला पकडतो त्या चकतीचे, सहा स्क्रू ढिले. डोकं चांदणीच्या आकाराचं, म्हणजे टॉर्क्स. घरातल्या जुन्या टी-२० मापाच्या बिटाने (स्क्रूड्रायव्हरच्या बदलता येणाऱ्या टोकाने) फिरवून पाहिलं. बिट आत जातो, थोडा पकडतोसुद्धा, आणि मग घसरतो. एका स्क्रूच्या कडा तिथेच गोल झाल्या. रोटरला टी-२५ लागतो, हे तेव्हा कळलं.

मग जांभळी नाक्याजवळच्या दुकानातून हा संच आणला. टी-१० ते टी-४०. काका म्हणाले, "आकडा म्हणजे मिलिमीटर नव्हे हो!" बरोबर आहे. टी-२० टोकापासून टोकापर्यंत साधारण ३.९ मिमी, टी-२५ साडेचारच्या आसपास. अर्धा मिलिमीटरच, पण स्क्रूची वाट लावायला पुरे. योग्य बिट बसला की अजिबात डुलत नाही. शंका आली तर आधी मोठा लावून बघायचा, बसला नाही तरच खालचा.

यातल्या सगळ्या बिटांना मध्ये भोक आहे, म्हणून मधोमध खुंटी असलेले सिक्युरिटी स्क्रूही उघडतात आणि साधेही. बिटांची दांडी ६.३५ मिमीची षट्कोनी, माझ्या ड्रिलमध्ये सरळ बसली. मोबाइल दुरुस्तीच्या ४ मिमी दांडीच्या हँडलमध्ये मात्र जाणार नाही.

पहिली तक्रार बिट धरणाऱ्या होल्डरच्या चुंबकाची. इतका मरतुकडा की टी-४० खाली धरला की टपकन पडतो. आकडेही बारीक कोरलेत, चष्म्याशिवाय दिसत नाहीत. मी टी-२५ला बायकोचं लाल नेलपॉलिश लावून ठेवलंय.