फायररेडचा फॅन-हॅक आठ महिने खेळल्यावर: बिघाड झाले, सेव्ह वाचला

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत पोकेमॉन फायररेड या जुन्या गेम बॉय अॅडव्हान्स गेमवर बनवलेला एक फॅन-हॅक, म्हणजे चाहत्याने मूळ गेम बदलून केलेला नवा गेम, खेळायला घेतला. आता जून लागलाय. गेममधलं घड्याळ ७१ तास दाखवतंय आणि जिम जिंकल्यावर मिळणाऱ्या आठपैकी सात बॅज मिळालेत. या आठ महिन्यांत गेम चांगलाच बिघडला असं चार वेळा झालं. कधी पात्र अडकलं, कधी पडदा काळा झाला, तर एकदा सेव्हच खराब झाल्याचा संदेश आला. तरीही मी आज खेळतेय तो सेव्ह पहिल्या दिवशी सुरू केलेलाच आहे. फॅन-हॅक अर्ध्यात सोडून देणारे बरेच जण ओळखीत आहेत आणि बहुतेकांचं कारण एकच: "सेव्ह गेला." म्हणून हे सविस्तर लिहितेय.

हॅकचं नाव देत नाही. बनवणारा एकटा माणूस आहे, नोकरी सांभाळून रात्री काम करतो, आणि मला जे बग भेटले ते फायररेडवरच्या कुठल्याही हॅकमध्ये भेटू शकतात. नकाशे नवे आहेत, गोष्ट नवी आहे, आणि मूळ गेममधल्या काही चुकाही त्याने दुरुस्त केल्यात. २००४ च्या मूळ फायररेडमध्ये नकाशाभर भटकणारा रायकू किंवा एन्तेई हा दुर्मिळ पोकेमॉन लढाईत 'रोअर' हा डाव वापरून निसटला, तर तो त्या सेव्हमधून कायमचा गायब होतो. पुन्हा कधीच सापडत नाही. लहानपणी दादाच्या कॉम्प्युटरवर माझा एन्तेई असाच गेला होता आणि आपलंच काहीतरी चुकलं असं मला कित्येक वर्षं वाटत होतं. या हॅकमध्ये तो 'रोअर' करून पळाला आणि दोन दिवसांनी गवतात पुन्हा समोर आला, तेव्हा मी लॅपटॉपसमोर बसून टाळ्या वाजवल्या.

सुरुवात मूळ रॉमपासून, म्हणजे कार्ट्रिजमधल्या गेमच्या फाइलपासून. न्यू जर्सीतल्या मावसभावाने त्याचं जुनं कार्ट्रिज मला देऊन टाकलं, त्यातून कार्ट्रिज रीडरने फाइल काढली. अमेरिकेत विकल्या गेलेल्या फायररेडच्या दोन आवृत्त्या आहेत, १.० आणि १.१. बाहेरून दोन्ही सारख्याच दिसतात, पण आतले पत्ते सरकलेले आहेत. बहुतेक हॅक १.० वर बनतात. १.० चा सीआरसी३२ चेकसम, म्हणजे फाइल तंतोतंत तीच आहे का हे ओळखायचा आकडा, डीडी८८७६१सी. पॅच, म्हणजे हॅकचे बदल असलेली फाइल, मूळ रॉमवर लावण्याआधी तो जुळवून बघायला अर्धा मिनिट लागतो आणि पुढचे कित्येक तास वाचतात. पॅच बीपीएस प्रकारातला असेल तर ही राखण तो स्वतःच करतो. त्याच्या शेवटी मूळ फाइलचा, तयार होणाऱ्या फाइलचा आणि खुद्द पॅचचा असे तीन चेकसम असतात, त्यामुळे चुकीच्या रॉमवर तो लागतच नाही. जुन्या आयपीएस प्रकारातला पॅच मात्र काहीच विचारत नाही. अमुक जागी तमुक बाइट लिहायचे, एवढंच त्याला कळतं. चुकीच्या फाइलवरही तो बिनबोभाट लागतो, गेम सुरू होतो, पहिलं गावही पार होतं, आणि मग कुठल्यातरी दारातून आत गेलात की सगळं थांबतं. त्याला १६ एमबीच्या पुढचा पत्ताही लिहिता येत नाही. फायररेड बरोबर १६ एमबीचा, त्यामुळे ३२ एमबीपर्यंत वाढवलेले हॅक त्यात बसतच नाहीत.

खेळायला लॅपटॉपवर एमजीबीए हे एम्युलेटर, म्हणजे गेमच्या यंत्राची नक्कल करणारं सॉफ्टवेअर, वापरलं आणि प्रवासात फोनवर दुसरं एक. फोनवर पहिल्याच दिवशी 'वन-एम सब-सर्किट बोर्ड इज नॉट इन्स्टॉल्ड' असा संदेश आला. हॅक तुटलाय असं समजून अनेकजण इथेच फाइल पुसून टाकतात. प्रत्यक्षात गेम एवढंच सांगत असतो की त्याला १ मेगाबिट, म्हणजे १२८ केबीची फ्लॅश मेमरी हवी होती आणि एम्युलेटरने त्याला निम्मीच दिली. सेटिंगमध्ये सेव्हचा प्रकार फ्लॅश १२८ केबी केला आणि काम झालं. एमजीबीएत अशी वेळ आलीच तर गेम ओव्हरराइड्समध्ये हाच पर्याय मिळतो. मला तिथे तो कधी बदलावा लागला नाही.

आता मुख्य गोष्ट.

डिसेंबरमध्ये तिसऱ्या बॅजनंतर डोंगरातल्या एका झोपडीत शिरले. आत एक म्हातारा. तो दोन वाक्यं बोलतो, चौकट बंद होते, आणि लगेच पुन्हा उघडते. तीच दोन वाक्यं. पुन्हा बंद, पुन्हा उघड. पात्र जागचं हलत नाही, स्टार्ट दाबून मेनू उघडावा तेवढीही फट मिळत नाही. सात-आठ वेळा ऐकल्यावर लक्षात आलं की हे संपणार नाही.

यामागचं कारण नंतर बनवणाऱ्यानेच समजावलं. नकाशात शिरल्याबरोबर आपोआप सुरू होणाऱ्या स्क्रिप्टला, म्हणजे आज्ञांच्या यादीला, एक अट असते: अमुक व्हेरिएबलची (गेमने लक्षात ठेवलेल्या आकड्याची) किंमत अमुक असेल तरच चालायचं. स्क्रिप्ट संपताना ती किंमत बदलायची असते. ती एक ओळ राहून गेली, की अट कायम खरीच राहते आणि गेम प्रत्येक फ्रेमला नव्याने तीच स्क्रिप्ट उचलतो. राहिलेली आज्ञा 'सेटव्हार', तिची लांबी ५ बाइट. पाच बाइटांपायी सगळा गेम एका झोपडीत अडकला होता.

त्याने आठवड्याभरात नवी आवृत्ती दिली. त्यात ही दुरुस्ती होती आणि इतरही बऱ्याच. मी पॅच लावला आणि झोपडीत असताना घेतलेली एम्युलेटरची स्टेट उघडली, कारण पंचवीस मिनिटांचा डोंगर पुन्हा चढायचा नव्हता. म्हाताऱ्याच्या चौकटीत अक्षरांच्या जागी चौकोन आणि प्रश्नचिन्हं उमटली, आवाज एका सुरावर अडकला, आणि एमजीबीएने पाटी दाखवली: गेम क्रॅश झालाय, चुकीच्या पत्त्यावर उडी मारली.

गेमच्या आतला सेव्ह आणि एम्युलेटरची स्टेट यांतला फरक मला त्या संध्याकाळी कळला, आणि या अनुभवातलं दुसरं काही वाचलं नाही तरी चालेल, पण एवढं वाचा. स्टेट म्हणजे त्या क्षणी मशीनच्या मेमरीत जे जसं होतं त्याचा जसाच्या तसा ठसा. त्यात 'पुढचं काम रॉममधल्या अमुक पत्त्यावर आहे' असे कितीतरी पत्ते असतात. रॉम मात्र त्या ठशात नसतो. हा हॅक पोकेफायररेड या डिकम्पाइल केलेल्या, म्हणजे मूळ गेम उलगडून माणसाला वाचता येईल असा केलेल्या, कोडवरून नव्याने बांधला जातो. कोडमध्ये चार ओळी वाढल्या की त्यापुढचं सगळं सरकतं. जुन्या स्टेटमधले पत्ते मग भलत्याच जागी जाऊन पोहोचतात, आणि तिथे जे काही असेल ते गेम आज्ञा समजून चालवायला बघतो. गेममधल्या सेव्हचं तसं नाही. तो नकाशाचा क्रमांक, तुमची जागा, कुठली घटना घडून गेली याच्या खुणा, पिशवी आणि पोकेमॉन, एवढंच लिहून ठेवतो. रॉममध्ये काय कुठे आहे याच्याशी त्याला फारसं देणंघेणं नसतं.

'फारसं' म्हटलं, कारण एक अपवाद आहे. गेममधला सेव्ह तुमच्या आजूबाजूच्या नकाशाचा तुकडा आणि तिथल्या माणसांच्या जागाही साठवून ठेवतो. तुम्ही एखाद्या गुहेत सेव्ह केलं आणि नव्या आवृत्तीत नेमकी तीच गुहा बदलली, तर भिंतीत उभं राहायची वेळ येऊ शकते. म्हणून हॅक बनवणारे सांगत असतात की आवृत्ती बदलण्याआधी पोकेमॉन सेंटरमध्ये, म्हणजे पोकेमॉन बरे करायच्या जागी, जाऊन सेव्ह करा. त्या खोलीला सहसा कुणी हात लावत नाही. मी आता न चुकता तसंच करते.

फेब्रुवारीत भाचा राहायला आला, सातवीतला. त्याला मी माझ्या सेव्हची वेगळी प्रत काढून दिली होती, हे फार बरं झालं. त्याने मूळ फायररेडसाठीचे रेअर कँडीचे (पोकेमॉनची पातळी वाढवणाऱ्या वस्तूचे) चीट कोड घालून बघितले. अर्ध्या तासाने हाक आली, "मावशी, हे अंडं कुठून आलं? माझा चारमँडर कुठाय?" याला 'बॅड एग' म्हणतात. प्रत्येक पोकेमॉनच्या नोंदीसोबत तिचा चेकसम असतो. नोंद आणि चेकसम जुळेनासे झाले की गेम तो पोकेमॉन न दाखवता त्या जागी अंडं दाखवतो. चीट कोड मूळ गेमच्या पत्त्यांसाठी लिहिलेले असतात. हॅकमध्ये त्या जागी वेगळंच काही असतं, आणि कोड डोळे झाकून तिथे लिहून मोकळा होतो. चारमँडर परत आला नाही. भाचा रडवेला झाला. मग आम्ही दोघांनी माझ्या सेव्हची आणखी एक प्रत केली आणि त्याने तिथून पुढे बिनचीटचं खेळायचं कबूल केलं. आजही खेळतोय, माझ्यापेक्षा दोन जिम मागे आहे.

मार्चमध्ये लोकलमध्ये सेव्ह करत असतानाच फोन बंद पडला. घरी येऊन उघडलं तर संदेश: सेव्ह खराब झालाय, आधीचा सेव्ह उघडला जाईल. आणि खरंच आधीचा उघडला, चाळीस मिनिटं मागचा. २००४ साली हा गेम लिहिणाऱ्यांनी १२८ केबीच्या फ्लॅशमध्ये सेव्हसाठी दोन जागा ठेवल्यात. प्रत्येकीत १४ विभाग, प्रत्येक विभाग ४ केबीचा, प्रत्येकाला स्वतःचा चेकसम. गेम दोन्ही जागा आलटून पालटून वापरतो. एक लिहिता लिहिता वीज गेली तर दुसरी शाबूत राहते. कार्ट्रिज खेचून काढणाऱ्या मुलांचा विचार करून कुणीतरी हे बांधलं होतं आणि वीस वर्षांनी ते माझ्या कामी आलं. तेव्हापासून मी महत्त्वाच्या ठिकाणी लागोपाठ दोनदा सेव्ह करते, म्हणजे दोन्ही जागांमध्ये ताजी नोंद राहते.

बग कळवण्याबद्दल थोडं. पहिल्यांदा मी फक्त "झोपडीत गेम अडकतो" असं लिहिलं होतं. त्याने अतिशय सभ्यपणे सात प्रश्न विचारले आणि त्यात चार दिवस गेले. आता मी हॅकची आवृत्ती, मूळ रॉमचा चेकसम, एम्युलेटर आणि त्याची आवृत्ती, चीट वापरले की नाही, आणि शेवटच्या सेव्हपासून बग दिसेपर्यंतची पावलं एकाच वेळी लिहिते. सोबत सेव्हची फाइल जोडते, स्टेट नाही. सेव्ह त्याच्या मशीनवर, त्याच्या नव्या कोडवर उघडतो, स्टेटचा तिथे उपयोग होत नाही. पाठवण्याआधी तोच बग मी स्वतः दुसऱ्यांदा घडवून बघते. एप्रिलमध्ये पाठवलेला बग त्याने एका रात्रीत दुरुस्त केला, आणि 'असं लिहून आलं की शोधायला काही उरत नाही' असं कळवलं. आठ महिन्यांतला मला सगळ्यात आवडलेला क्षण तो.

सगळेच हॅक इतके सुदैवी नसतात. याआधी एक जुना हॅक खेळले होते, थेट बायनरी फाइलमध्ये बदल करून बनवलेला. त्यात एका गावाची पाटी वाचली की गावाचं नाव यायचं, मग दुसऱ्याच कुणाचं तरी अर्धं वाक्य, मग नुसती चिन्हं, आणि मग गेम गोठायचा. कारण आता समजतं. फायररेडमध्ये वाक्य संपल्याची खूण म्हणजे एफएफ हा बाइट, आणि रॉममधली मोकळी जागाही एफएफनेच भरलेली. जागा शोधणाऱ्या टूलला वाक्याच्या शेवटचा एफएफही मोकळाच वाटतो, तो त्यावर नवं काही लिहितो, आणि पहिलं वाक्य संपायचंच विसरतं. तो हॅक बनवणारा केव्हाच दुसरीकडे वळला होता. ती पाटी तशीच राहिली. म्हणून नवा हॅक निवडताना मी नकाशांची चित्रं बघण्याआधी शेवटची आवृत्ती कधी आली आणि बदलांची यादी किती तपशिलात लिहिलीय ते बघते.

ज्याला एका बैठकीत, कसलीही कटकट नको असताना खेळायचंय त्याने हा हॅक पूर्ण आवृत्ती येईपर्यंत घेऊ नये. ज्याला फायररेड पाठ आहे आणि तरी त्यात हरवून जायचंय, त्याने घ्यावा.

सध्या एक बग शिल्लक आहे. सातव्या जिमपुढच्या गुहेत पाण्यावर असताना लढाई हरलं, तर सेंटरमध्ये जाग आल्यावरही पात्र सर्फच्या, म्हणजे पोकेमॉनवर बसून पाण्यावरून जाण्याच्या, मुद्रेतच राहतं आणि दाराबाहेर पाऊल टाकलं की गोठतं. दोनदा घडवून बघितलं, सेव्ह जोडून कळवलंय. तोवर माझी माणसं त्याच गुहेच्या अलीकडच्या सेंटरमध्ये थांबलीत, दोनदा सेव्ह करून, फाइलची प्रत पेन ड्राइव्हवर. नवी आवृत्ती आली की भाच्याला फोन करणार आहे. पाण्यावरची ती लढाई दोघांनी मिळून मुद्दाम हरायची, असं ठरलंय.